हाजीर जामीन
हाजीर जामीन : फौजदारी अथवा दिवाणी प्रकरणातील पक्षकार नेमल्या दिवशी न्यायसभेपुढे उपस्थित राहील, अशी तिऱ्हाइताने दिलेली हमी, तशी हमी देणाऱ्या व्यक्तीसही हीच संज्ञा आहे. ‘हाजीर’ व ‘जामीन’ हे दोन्ही शब्द मूळ अरबी असून फार्सीच्या द्वारे ते मराठीत रूढ झाले. जुन्या मराठी व्यवहारात रकमेच्या फेडीची हमी देणारा तो ‘माल जामीन’, सद्वर्तनाची हमी देणारा तो ‘फैल जामीन’ आणि अनेकांनी एकमेकांबद्दल घेतलेली हमी ती ‘सांखळी जामीन’, असे भेद आढळतात. पुढे हे भेद मागे पडून नुसता ‘जामीन’ हा शब्द राहिला आणि सामान्य बोलण्यात त्याचा अर्थ ‘तुरुंगातून सुटका’ असा होऊ लागला. वस्तुतः सुटका हे जामिनाचे फळ असून हजेरीची हमी हे त्याचे प्रयोजन होय. त्यामुळे हमी दिलेला मनुष्य नेमल्या दिवशी आला नाही तर काय करावयाचे, हा प्रश्न या संस्थेच्या इतिहासात आरंभापासून दिसतो. गैरहजेरी ही अपराधाची कबुली मानावी, स्वतंत्र अपराध मानावा, की कारण दाखविल्यास भरून निघणारी उणीव मानावी, याची निरनिराळ्या काळी निरनिराळी उत्तरे दिली गेली. औरंगाबाद शहर (२०२३ पासून छत्रपती संभाजीनगर) व त्याभोवतीचा मराठवाडा मोगल, निजामी आणि भारतीय अशा क्रमाने भिन्न अमलांखालून गेल्यामुळे तेथील न्यायव्यवहारात ही स्थित्यंतरे विशेष स्पष्टपणे पाहावयास मिळतात.

प्राचीन पद्धती : धर्मशास्त्रात हमीदारास ‘प्रतिभू’ म्हणतात. याज्ञवल्क्यस्मृतीत दर्शन, प्रत्यय आणि दान असे प्रातिभाव्याचे तीन प्रकार सांगितले असून त्यांपैकी दर्शन म्हणजे माणसाला हजर करण्याची हमी होय. दर्शन-प्रतिभूने माणूस हजर केला नाही, तर त्याचे देणे प्रतिभूने स्वतःच्या धनातून द्यावे, असे मनुस्मृती सांगते. तथापि हे उत्तरदायित्व प्रतिभूच्या मृत्यूनंतर त्याच्या मुलावर येत नाही. पैशाच्या हमीचे मात्र येते. हजेरीची हमी ही व्यक्तिगत विश्वासाची बाब असून ती वारशाने उतरत नाही, हे तत्त्व त्यातून व्यक्त होते. प्रतिभू न मिळाल्यास पक्षकारास राखणीत ठेवावे आणि दिवसअखेर राखणदाराचे वेतन त्यानेच द्यावे, असे कात्यायनाचे मत विज्ञानेश्वराने मिताक्षरेत उद्धृत केले आहे. ज्याला हमीदार नाही त्याला बंधनाचा खर्चही सोसावा लागे.

गैरहजेरीसंबंधी नारदस्मृतीत स्पष्ट विवेचन आहे. वादात हीन ठरणाऱ्या पाच प्रकारच्या पक्षकारांत न्यायसभेत उपस्थित न होणारा ‘नोपस्थायी’ आणि बोलावणे येताच पळून जाणारा ‘आहूतप्रपलायी’ यांचा स्वतंत्र उल्लेख येतो. न येणे आणि पळून जाणे यांत त्या काळीही भेद केला जात होता, ही गोष्ट लक्षणीय आहे. याशिवाय स्थळ, काळ, प्रवास व कर्म यांसंबंधीचे चार प्रकारचे ‘आसेध’ म्हणजे प्रतिबंध घालून पक्षकारास निर्णयापर्यंत रोखून धरण्याची तरतूद होती. असे असले, तरी राजाने छल बाजूस सारून वस्तुस्थितीच्या आधारे निर्णय द्यावा, असेही याज्ञवल्क्याने सांगितले आहे. प्रक्रियेतील चूक आणि मूळ प्रश्नाचा निर्णय यांची गल्लत होऊ नये, हा विचार त्यात बीजरूपाने आढळतो.

मोगल व मराठा काळ : मलिक अंबरने १६१० मध्ये वसविलेल्या खडकी या नगराला दख्खनचा सुभेदार म्हणून आलेल्या औरंगजेबाच्या काळात औरंगाबाद हे नाव मिळाले. औरंगपुरा, बेगमपुरा इ. पुऱ्यांनी हे शहर विस्तारले. ‘बावन पुरे’ ही त्याची पारंपरिक ओळख आहे. मोगल शहरात कोतवालाने घरांची नोंद ठेवावी, मोहल्ल्यावर प्रमुख नेमावा आणि तेथील रहिवाशांना परस्परसाहाय्याच्या वचनाने बांधून घ्यावे, असे आईन-इ-अकबरीत सांगितले आहे. अशा व्यवस्थेत माणसाची ओळख त्याचा मोहल्ला पटवीत असे. काजीच्या न्यायसभेत हनफी विधीप्रमाणे माणसाची हमी आणि मालाची हमी यांत भेद केला जाई. माणसाची हमी घेतलेल्या ‘कफीला’ने त्याला हजर केले नाही, तर कफीलालाच कैदेत ठेवता येई, मूळ व्यक्ती मरण पावल्यास ही हमी संपुष्टात येई.

मराठी राज्यातील न्यायपद्धतीत वादी-प्रतिवाद्यांकडून प्रारंभीच ‘राजीनामा’ आणि ‘जामीनकतबा’ घेण्याचा प्रघात होता. राजीनामा म्हणजे विशिष्ट सभेचा निवाडा मान्य असल्याचा लेख. जामीनकतबा म्हणजे निवाड्याप्रमाणे वागण्याविषयी जामीनदाराने लिहून दिलेला कागद होय. बोलावूनही न येणाऱ्या पक्षकाराकडे सरकारी माणूस ‘मोहसल’ म्हणून बसविण्यात येई आणि त्याच्या खर्चाचा बोजा त्या पक्षकारावर पडे. बोलावणे नेणाऱ्याचा ‘मसाला’ही त्यालाच द्यावा लागे. गैरहजेरीची किंमत अशा प्रकारे दिवसागणिक वाढत जात असल्याने पुष्कळदा तीच हजर होण्यास पुरेशी ठरे. धार्मिक स्वरूपाच्या वादांत औरंगाबादच्या दक्षिणेस गोदाकाठी असलेल्या पैठणच्या ब्रह्मसभेचा निर्णय दूरवर मानला जाई.

इंग्रजी अंमल : इंग्लंडमध्ये १२७५ च्या वेस्टमिन्स्टर कायद्याने कोणते गुन्हे जामीनयोग्य हे ठरविण्यात आले आणि १६८९ च्या हक्कांच्या सनदेने अवाजवी जामीन मागण्यास मनाई केली. हा वारसा घेऊन हिंदुस्थानात १८६१ मध्ये पहिली फौजदारी प्रक्रिया संहिता झाली. १८७२ व १८८२ मध्ये ती नव्याने करण्यात आली आणि १८९८ च्या संहितेने ७० वर्षांहून अधिक काळ देशातील फौजदारी कामकाज चालविले. जामीनपात्र गुन्ह्यात जामीन हा आरोपीचा हक्क आणि अजामीनपात्र गुन्ह्यात तो न्यायालयाच्या विवेकाधीन, ही विभागणी या संहितांनी रूढ केली. न्यायालयाचा विवेक कशावर आधारावा, याचे प्रसिद्ध उदाहरण लोकमान्य टिळकांच्या दोन खटल्यांत मिळते. जुलै १८९७ मध्ये राजद्रोहाच्या आरोपावरून टिळकांना अटक झाल्यावर त्यांचे जामीन-अर्ज प्रथम नामंजूर झाले. ४ ऑगस्ट १८९७ रोजी न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी यांनी आरोपी खटल्याच्या वेळी हजर राहील की नाही, हा प्रश्न मुख्य मानून जामीन मंजूर केला. टिळक सुनावणीस हजर राहिले आणि सप्टेंबरमध्ये त्यांना दीड वर्षाची शिक्षा झाली. त्या वेळी टिळकांच्या बाजूने काम पाहिलेले दिनशा दावर हेच १९०८ मध्ये न्यायमूर्ती म्हणून त्यांच्यापुढे बसले. २ जुलै १९०८ रोजी त्यांनी टिळकांचा जामीन-अर्ज कारणे न देता फेटाळला. वस्तुतः अकरा वर्षांपूर्वी दिलेली हमी टिळकांनी तंतोतंत पाळली होती.

याच काळात १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने ‘हजेरी’ या शब्दाला निराळा अर्थ दिला. या कायद्याखाली नोंदलेल्या जमातींतील लोकांना, त्यांच्यावर कोणताही खटला नसताना, ठरावीक वेळी हजेरी द्यावी लागे आणि गैरहजर राहणे हाच गुन्हा ठरे. १९५२ मध्ये हा कायदा रद्द झाला. गैरहजर तो अपराधी, ही समजूत कोणत्या टोकास जाऊ शकते, याचे हे उदाहरण होय.

निजामी मराठवाडा : १७२४ पासून आसफजाही घराण्याच्या सत्तेखाली आलेले औरंगाबाद हे १७६३ पर्यंत राजधानीचे ठिकाण होते. पहिल्या सालारजंगाच्या दिवाणगिरीत (१८५३–८३) हैदराबाद संस्थानात न्यायालयांची श्रेणीबद्ध रचना होऊ लागली; १९२१ मध्ये न्यायखाते कार्यकारी सत्तेपासून वेगळे करण्यात आले. असे पाऊल ब्रिटिश हिंदुस्थानातही त्या वेळी पडलेले नव्हते. संस्थानाची स्वतंत्र फौजदारी प्रक्रिया संहिता होती व ती बव्हंशी ब्रिटिश हिंदुस्थानातील संहितेच्या धर्तीवर होती. जिल्हा न्यायालय ज्या रस्त्यावर आहे, त्याचे ‘अदालत रोड’ हे नाव उर्दू न्यायव्यवहाराची आठवण देणारे आहे.

कायदा प्रगत असला, तरी हजेरीच्या दृष्टीने मराठवाड्यातील सामान्य माणसाची स्थिती अवघड होती. न्यायालयाची भाषा उर्दू होती आणि बहुसंख्य रहिवाशांची मराठी. सरकारी कामकाज फसली सनाप्रमाणे चाले. आजर, दय, बहमन अशा इराणी नावांच्या महिन्यांत तारखा पडत, तर शेतकरी आपले दिवस चैत्र-वैशाखाप्रमाणे मोजत असे. हातात पडलेले समन्स दुसऱ्याकडून वाचून घ्यावयाचे आणि त्यातील दिवस दुसऱ्याकडून मोजून घ्यावयाचा, अशा व्यवस्थेत तारीख चुकण्यास पळून जाण्याची इच्छा असण्याची गरज नव्हती. सप्टेंबर १९४८ मध्ये संस्थान भारतात विलीन झाले आणि १ एप्रिल १९५१ पासून १८९८ ची संहिता तेथे लागू झाली.

औरंगाबाद खंडपीठ : १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्य पुनर्रचनेत मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि त्याचे उच्च न्यायालय हैदराबादऐवजी मुंबई झाले. जामिनाचा अर्ज जिल्ह्याच्या सत्र न्यायालयात करता येत असला, तरी खटलाच रद्द करण्याचा अधिकार केवळ उच्च न्यायालयाला असल्याने त्यासाठी मुंबई गाठणे भाग होते. नांदेडहून मुंबई सु. ६०० किमी. दूर, शिवाय मराठवाड्याचा लोहमार्ग मीटरमापी असल्यामुळे मनमाडला गाडी बदलावी लागे. प्रवास, मुक्काम व वकिलाचे शुल्क यांचा विचार करता निराधार फिर्याद रद्द करून घेण्यापेक्षा वर्षानुवर्षे तालुक्याच्या न्यायालयात तारखांना हजर राहणे पुष्कळांना परवडे. आणि तारखा जितक्या अधिक, तितकी एखादी चुकण्याची शक्यताही अधिक.

मराठवाड्यात उच्च न्यायालयाचे खंडपीठ असावे, ही मागणी या पार्श्वभूमीवर झाली. १९५६ च्या राज्य पुनर्रचना अधिनियमाच्या कलम ५१ (३) अन्वये मुख्य न्यायमूर्ती व्ही. एस. देशपांडे यांनी काढलेल्या आदेशानुसार २७ ऑगस्ट १९८१ रोजी औरंगाबाद येथे खंडपीठाचे काम सुरू झाले. या आदेशास आव्हान देण्यात आले आणि मुंबई उच्च न्यायालयाने तो रद्द ठरविला. परंतु १९८२ मध्ये ‘महाराष्ट्र राज्य वि. नारायण शामराव पुराणिक’ या निकालात सर्वोच्च न्यायालयाने आदेश वैध ठरविला. २७ ऑगस्ट १९८४ पासून खंडपीठ कायमस्वरूपी झाले. कालांतराने मराठवाड्याबरोबर अहमदनगर व खानदेश हा प्रदेशही त्याच्या अधिकारक्षेत्रात आला.

खटला रद्द करण्याचा अधिकार : १८९८ च्या संहितेत १९२३ मध्ये कलम ५६१-अ घालून उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार मान्य करण्यात आला. न्यायप्रक्रियेचा दुरुपयोग टाळणे आणि न्यायाची उद्दिष्टे साधणे यांसाठी हा अधिकार आहे. तोच १९७३ च्या संहितेत कलम ४८२ आणि भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ मध्ये कलम ५२८ म्हणून आला. ‘आर. पी. कपूर’ (१९६०) या निकालात त्याच्या वापराचे प्रमुख प्रसंग सांगण्यात आले आणि ‘भजनलाल’ (१९९०) या निकालात त्यांचा सात प्रकारांत विस्तार झाला. फिर्यादीतील मजकूर जसाच्या तसा खरा धरला तरी गुन्हा होत नाही, कायद्याने कारवाईस स्पष्ट मनाई आहे किंवा फिर्याद केवळ सूडबुद्धीने केलेली आहे, हे त्यांतील मुख्य होत. औरंगाबाद खंडपीठाने २१ ऑगस्ट २०२० रोजी दिलेला निर्णय या अधिकाराच्या वापराचे ठळक उदाहरण आहे. करोना साथीच्या काळात अहमदनगर जिल्ह्यात २९ परदेशी नागरिक व काही भारतीय यांच्यावर, तबलिगी जमातीच्या दिल्लीतील मेळाव्याच्या संदर्भात, प्रवेशपत्राच्या अटी मोडणे, साथ पसरविणे इ. आरोपांवरून गुन्हे नोंदविण्यात आले होते. न्यायमूर्ती टी. व्ही. नलावडे व न्यायमूर्ती एम. जी. सेवलीकर यांच्या खंडपीठाने ते रद्द केले.

उच्च न्यायालयाकडे जाण्यापूर्वी आरोपीला खटला चालविणाऱ्या न्यायालयाकडेच आरोपमुक्तीचा अर्ज करता येतो. पुरेसा आधार नसेल, तर दोषारोप ठेवण्यापूर्वीच त्याची मुक्तता होते. अर्ज केल्याने मात्र हजेरीचे बंधन सुटत नाही. आरोप निराधार आहे म्हणून तारखेस गेलो नाही, हे उत्तर कायद्याला मान्य नाही. आणि तारखेस गेला नाही म्हणून आरोप खरा, हे अनुमानही तितकेच अमान्य आहे.

गैरहजेरीचे परिणाम : आरोपी तारखेस न आल्यास न्यायालय अधिपत्र म्हणजे वॉरंट काढू शकते. समन्स, नंतर जामीनपात्र अधिपत्र आणि शेवटी अजामीनपात्र अधिपत्र, असा चढता क्रम सामान्यतः पाळावा, असे सर्वोच्च न्यायालयाने ‘इंदर मोहन गोस्वामी’ (२००७) या निकालात सांगितले. ‘सतेंदर कुमार अंतिल’ (२०२२) या निकालातही जामिनाच्या संदर्भात याच धोरणाचा पाठपुरावा आहे. आरोपी फरारी झाला आहे किंवा लपून बसला आहे असे वाटल्यास जाहीरनामा काढून त्याला किमान ३० दिवसांची मुदत दिली जाते. हा जाहीरनामा त्याच्या गावात सर्वांसमक्ष वाचून दाखवावा लागतो. जुन्या दवंडीचाच हा अवशेष होय. त्यानंतर मालमत्तेची जप्ती होऊ शकते. जामिनाचा भंग झाल्यास बंधपत्र जप्त होते आणि रक्कम का वसूल करू नये, याचे कारण दाखविण्यास जामीनदारास सांगितले जाते. कारण पटल्यास रकमेचा काही भाग माफ करता येतो. जामिनावर सुटून पुरेशा कारणाशिवाय हजर न राहणे हा २००५ च्या सुधारणेने स्वतंत्र गुन्हा झाला. भारतीय न्याय संहितेच्या कलम २६९ खाली त्यास एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही अशी शिक्षा आहे.

अशा आरोपीस पुन्हा जामीन मिळणे अशक्य नसते. स्वतः न्यायालयात येऊन अधिपत्र रद्द करण्याचा अर्ज देणे आणि गैरहजेरीचे कारण कागदोपत्री दाखविणे, हा रूढ मार्ग आहे. रुग्णालयाचा दाखला किंवा समन्स पोहोचलेच नसल्याचा पुरावा अशा वेळी महत्त्वाचा ठरतो. न्यायालय बहुधा नवे बंधपत्र व जामीनदार मागते. तथापि मूळ गुन्हा जामीनपात्र असला, तरी पूर्वी हजेरीची अट मोडलेल्या आरोपीस त्याच खटल्यात जामीन नाकारण्याची मुभा न्यायालयास आहे. एकदा तारीख चुकविल्याने हक्काचे रूपांतर विवेकाधीन सवलतीत होते. जाहीरनामा निघालेल्या फरारी आरोपीस अटकपूर्व जामीन सामान्यतः दिला जात नाही. ज्याला खरोखर अडचण आहे, त्याच्यासाठी तारखेपूर्वी किंवा त्याच दिवशी वकिलामार्फत गैरहजेरी माफ करून घेण्याची सोय आहे. २०२३ च्या संहितेने दृक्‌श्राव्य माध्यमातून दिलेली उपस्थितीही हजेरी मानली आहे. दुसरीकडे, गंभीर गुन्ह्यात उद्घोषित केलेल्या फरारी आरोपीविरुद्ध त्याच्या अनुपस्थितीत खटला चालवून निकाल देण्याची नवी तरतूद त्याच संहितेत आहे. तीसाठी दोषारोप ठेवल्यापासून ९० दिवस थांबणे, लागोपाठ दोन अधिपत्रे काढणे व आरोपीस सरकारी खर्चाने वकील देणे आवश्यक आहे.

जामीनदार व दारिद्र्य : अमेरिकेतील बहुतेक राज्यांत शुल्क घेऊन जामीन राहण्याचा व्यवसाय चालतो. भारतात आरोपीने जामीनदारास नुकसान भरून देण्याचा करार लोकधोरणाविरुद्ध मानला गेला आहे; कारण जामीनदाराला स्वतःचे काही गमावण्याची भीती असेल, तरच तो आरोपीस हजर ठेवील, हे या संस्थेचे गृहीत आहे. त्यामुळे आप्त, शेजारी वा मालक हेच जामीनदार होतात आणि सातबारा उतारा किंवा ऐपतीचा दाखला त्यांच्याकडून मागितला जातो. ज्याच्या नात्यागोत्यात जमीनच नाही, त्याला जामीन मंजूर होऊनही तुरुंगात राहावे लागते. ‘मोतीराम’ (१९७८) या प्रकरणात मध्य प्रदेशातील एका गवंड्याकडून दहा हजार रुपयांचा जामीन मागण्यात आला होता आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात असल्याने त्याची हमी नाकारण्यात आली होती. सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही गोष्टी अमान्य केल्या. बिहारमधील कच्च्या कैद्यांविषयीच्या ‘हुसैनारा खातून’ (१९७९) प्रकरणाने जलद न्यायाचा हक्क जगण्याच्या हक्काशी जोडला. २००५ च्या सुधारणेनुसार जामीनपात्र गुन्ह्यात आठवड्याभरात जामीनदार देऊ न शकणारा आरोपी निर्धन मानून जातमुचलक्यावर सोडावयाचा असतो. असे असूनही २०२२ अखेर देशातील कैद्यांपैकी सु. ७६ टक्के कैदी कच्चे होते.

मराठवाड्याच्या संदर्भात या प्रश्नाला आणखी एक बाजू आहे. बीड, जालना इ. जिल्ह्यांतील ऊसतोड कामगार दिवाळीच्या सुमारास घर सोडून साखर कारखान्यांच्या प्रदेशात जातात आणि उन्हाळ्यात परततात. समन्स घेणारे घरी कोणी नसल्यास ते घराच्या दर्शनी भागावर चिकटविण्याची तरतूद आहे. फडावर गेलेल्या माणसाच्या बंद दारावरील असा कागद कायद्याच्या दृष्टीने बजावणी ठरू शकतो आणि गावी परतेपर्यंत त्याच्या नावाने अधिपत्र निघालेले असू शकते. मोहल्ला आणि पुरा माणसाची ओळख देत असताना त्याचा ठावठिकाणा शेजारी सांगत. स्थलांतर करणाऱ्याच्या बाबतीत हा आधार तुटतो. नारदाने केलेला न येणारा आणि पळून जाणारा यांतील भेद अशा खटल्यांत निर्णायक ठरतो. हा भेद कागदावरून नव्हे, तर गैरहजेरीचे कारण ऐकून घेतल्यावरच करता येतो. यास्तव तारीख चुकलेल्या आरोपीने स्वतःहून न्यायालयापुढे येणे आणि न्यायालयाने अटकेचा हुकूम कायम करण्यापूर्वी त्याचे म्हणणे ऐकणे, या दोन्हींवर हाजीर जामिनाचे मूळ प्रयोजन टिकून आहे.